दोन फोनमधलं एकच शेत

सेनगावच्या बसस्टँडसमोर माझं मोबाईलचं दुकान आहे. विकायला ठेवलेत कव्हर, चार्जर आणि स्क्रीनगार्ड, पण साठा वाढत जातो तो किस्स्यांचा. कव्हरं जुनी झाली की कंपनीला परत पाठवता येतात. किस्से कुणी परत घेत नाही, म्हणून ते सांगून मोकळं व्हावं लागतं.

त्यातही नवा फोन घ्यायला आलेलं गिऱ्हाईक म्हणजे हमखास किस्सा. जुन्यातले फोटो नव्यात आले, नंबर आले, इथपर्यंत माणूस शांत असतो. मग इकडंतिकडं बघतो, काउंटरवर वाकतो आणि हळूच विचारतो, "तो गेम बी येते ना याच्यात? जिथवर खेळलो तिथवर?"

हा प्रश्न मोठ्या आवाजात विचारणारा माणूस मला अजून भेटायचा आहे.

दुकानात आम्ही दोघं. मी काउंटरवर आणि माझा मेहुणा गजू रिपेरिंगच्या टेबलावर. गजूचा हात फार चांगला आहे. तोंडाचं मी काही सांगत नाही, ते पुढं तुम्हाला कळेलच. शेजारी रज्जाकचाचांचं शिलाईचं दुकान. त्यांचं मशीन त्यांच्या दुकानात असतं आणि कान आमच्या.

*

परवा कापूस विकून आलेले एक काका नवा फोन घेऊन बसले होते. जुना आणि नवा शेजारी ठेवले की एकातलं दुसऱ्यात आपोआप जातं, हे गजूनं त्यांना समजावून सांगितलं. काकांनी मान डोलावली. गजू चहाला गेला.

थोड्या वेळानं बघतो तर दुकानात कुणी आत यायला तयार नाही. सगळी गर्दी पायरीवर. काकांनी दोन्ही फोनांवर खांद्यावरचा रुमाल अंथरला होता आणि स्वतः दोन्ही हात पसरून काउंटरला आडवे उभे होते.

"काय झालं काका?"

"मधून कोनी जाऊ नका. चालू हाय. तुटंल मधीच."

मी म्हटलं, काका, असं काही तुटत नसतं, लोकांना येऊ द्या. काकांनी माझ्याकडं असं पाहिलं, जसा मी दुकानदार नसून आडगिऱ्हाईक आहे. "तुमचं काय जाते? लेवल माझी हाय."

तेवढ्यात गजू चहाचे कप घेऊन आला. आपल्याच दुकानात तो मागच्या बोळातून, रज्जाकचाचांच्या मशीनवरून उडी मारून शिरला. मी विचारलं, तू काहून रे असा? तर म्हणाला, "दाजी, खरंच तुटलं तर पुन्हा कोन करत बसंल?"

*

गजूच्या आळसाचा विषय निघालाच आहे, तर गुरुजींचा किस्सा सांगतो.

नवीन फोन सुरू करताना त्यात एक अकाउंट टाकावं लागतं. गेममध्ये आपण जिथवर पोचलो, ते त्या अकाउंटला चिकटून राहतं. ज्या फोनमध्ये ते अकाउंट, त्या फोनमध्ये तो गेम तिथून पुढं सुरू. आता खेड्यातल्या गिऱ्हाइकाकडं कुठलं आलंय अकाउंट? ते दुकानदारानंच काढून द्यायचं, अशी आमच्याकडची रीत. गजूनं सुरुवातीला काय करावं? प्रत्येकाचं नवं काढायचा कंटाळा, म्हणून पठ्ठ्यानं एकच अकाउंट काढलं आणि दिसेल त्या फोनमध्ये तेच टाकत गेला.

कनेरगाव नाक्याकडचे एक गुरुजी आमच्याकडून फोन घेऊन गेले. शिस्तीचे. गेम खेळणाऱ्या पोरांना उभं करणारे. घरी जाऊन त्यांनी रंगीत गोळ्या फोडायचा तो गेम उघडला. का, तर पोरं नेमकं काय बघतात ते कळावं म्हणून, असं ते अजून सांगतात. उघडला तर काय? आठशेच्या पुढची लेवल! वर फुलं उधळून स्वागत. आणि शेजारी बसलेली त्यांची बायको.

दुसऱ्या दिवशी दोघं दुकानात. बाई म्हणाल्या, "आठशे लेवल काय एका दिवसात होत न्हाई. हे शाळेत जातेत का न्हाई, तेवढं मला सांगा."

गजूनं कबूल केलं की हे दुसऱ्या कुणाचंतरी आहे. गुरुजींनी सुटकेचा निःश्वास सोडला, "मी त्या गेमला हात लावलेला नाही आणि लावणारही नाही," असं सगळ्यांसमोर सांगितलं आणि गेले. अकाउंट बदलायचं काम गजूनं नेहमीप्रमाणं पुढं ढकललं.

आठवड्याच्या बाजाराला गोदाआजी आली. मेंढरं राखते. कापलेल्या रानात मेंढरं सोडली की बांधावर बसून गोळ्या फोडते. अक्षरओळख नाही, पण तिच्याएवढं पुढं गेलेलं अख्ख्या तालुक्यात कुणी नसेल. आजीनं फोन काउंटरवर आपटला.

"माझ्या गोळ्या कोनीतरी फोडून राहिलं."

"म्हंजी?"

"सकाळी उघडलं की मी पुढंच असते. मी न खेळता! बरं, पुढं नेलं तं नेलं. पर माझा त्यातला हातोडा? अडचणीला राखून ठेवला होता मी. तो मेल्यानं वापरून टाकला."

गजूनं माझ्याकडं पाहिलं, मी गजूकडं. मी गुरुजींना फोन लावला आणि स्पीकरवर टाकला. म्हटलं, "गुरुजी, रागावू नका, पण तो हातोडा तुम्ही वापरला का?"

पलीकडून गुरुजींचा आवाज आला, "कोणता? तिसऱ्या ओळीतल्या बर्फासाठी वापरला तो?"

*

गुरुजींच्या प्रकरणानंतर गजूनं प्रत्येकाला वेगळं अकाउंट द्यायला सुरुवात केली. पण एक गोष्ट त्याच्या डोक्यात पक्की बसली, की एकच खेळ दोन फोनांत चालू शकतो. ती पुढं कामाला आली.

जवळच्याच एका गावचे दोन भाऊ. थोरला माधव, धाकटा दत्ता. यंदा वाटणी झाली. पंच बसले, रानात बांध पडला, घरात मधोमध भिंत आली आणि चुली वेगळ्या झाल्या. आमच्याकडं वाटणी नुसती रानाची होत नाही, बोलण्याचीही होते. तर हे दोघं एका दुपारी दुकानात आले. सोबत दोघांच्या बायका. थोरली शोभा, धाकटी कविता. भाऊ बाकड्याच्या दोन टोकांना बसले आणि मध्ये गजूला बसवलं.

माधव गजूला म्हणाला, "त्याला सांगा, फोन माझा होता. फोन मी ठेवला."

दत्ता गजूला म्हणाला, "त्याला म्हनावं, ठेव. आमी नवा घेतला. पर त्यातल्या शेताचं काय?"

मला वाटलं, सातबाऱ्याचं काहीतरी असेल. ते निघालं गेममधलं शेत. घरात एकच फोन होता तेव्हा दोघी जावांनी मिळून केलेलं. एक भाकरी थापायची तेव्हा दुसरी पेरायची. एक धुणं धुवायची तेव्हा दुसरी गाईंना चारा टाकायची. शोभानं फोन उघडून दाखवला. खरं सांगतो, आमच्या भागात इतकं देखणं शेत मी पाहिलेलं नाही. मधोमध विहीर, कडेनं फुलझाडं, गहू, मका, कोंबड्या, आणि प्रत्येक गाईला नाव.

"उघडं माळरान होतं तवा मी नांगरलं," शोभा म्हणाली.

"विहीर मी पाडली. गाईची नावं बी माझीच," कविता म्हणाली. "पर आता फोन तिकडं गेला. शेत बी गेलं."

माधवनं तोडगा घरूनच आणला होता. "पूर्वेकडचं तिच्या फोनमधी टाका. पश्चिमेकडचं हिच्यात राहू द्या. विहीर सामाईक."

"काका," गजू म्हणाला, "गेमला तलाठी नसते."

मी समजावून सांगितलं. शेत तोडता येत नाही. एकीला दिलं तर दुसरीला उघड्या माळापासून सुरुवात करावी लागेल. मग कविता हळूच म्हणाली, "मंग अक्काकडंच राहू द्या. मी काही नवं करत न्हाई आता." आणि पदरानं उगाच काउंटर पुसायला लागली.

तेव्हा गजूला गुरुजी आठवले. म्हणाला, "एक करता येते. दोघींच्या फोनमधी तेच शेत टाकू. एकीनं पेरलं की दुसरीला दिसंल. फक्त दोघींनी एकाच वक्ताला उघडायचं न्हाई. एक आत असली की दुसरी बाहेर फेकली जाते."

माधव भडकला. "म्हंजी सामाईकच झालं की. मंग वाटणी कशाला केली आमी?"

शोभा तोवर नवऱ्याला उलटून एक शब्द बोलली नव्हती. ती म्हणाली, "रान तुमचं होतं, तुमी वाटलं. हे आमचं हाय."

गजूनं तेवढ्यात दोन्ही फोन उचलले. माधवनं जाताना एक अट घातली, की सगळं शेत दोघींना दिसलं तर दिसू दे, पण मधी कुंपण पाहिजे आणि जिनं तिनं आपल्याच बाजूला कसायचं. शोभानं दुकानातच, त्याच्या डोळ्यांसमोर, शेताच्या मधोमध लाकडी कुंपण घातलं. विहिरीच्या अगदी कडेनं. कविता बघत होती.

*

त्याच सुमारास माझ्या आतेभावाचं प्रकरण झालं. संतोष वसमतला हळदीच्या अडतीवर असतो. त्यानं नवा फोन घेतला आणि जुना सासऱ्याला दिला. मी म्हटलं, जुन्यातलं सगळं पुसून देऊ. तर म्हणाला, "नको, लग्नाचे फोटो हाएत त्याच्यात, सासऱ्याला बघायला बरे."

फोटोंसोबत त्याचा किल्ल्याचा गेमही राहिला. तो आता दोघांच्या फोनमध्ये. चारच दिवसांत, अडतीवर भर बोलीच्या वेळी, सासऱ्याचा फोन आला.

"जावईबापू, कुठं हाव?"

"बोलीत हाये, काय झालं?"

"तुमच्या किल्ल्यावर धाड पडून राहिली. भिंत गेली उत्तरेकडची. बोली सोडा अन या."

संतोषनं सांगितलं, तो गेम आहे, जाऊ द्या. सासऱ्यांना ते पटलं नाही. पोरगी दिलेल्या घराचा किल्ला डोळ्यांदेखत लुटला जातोय आणि जावई हळद बघत बसलाय, हे काही त्यांना बरं दिसेना. त्यांनी स्वतः मोर्चा सांभाळला. आधी भिंती, मग बुरूज, मग सैन्य. महिन्याभरात किल्ला असा मजबूत केला की संतोष म्हणतो, मला आत जायची भीती वाटते.

पुढं त्याची बायको माहेराला गेली. दारात चप्पल काढते न काढते तोच वडलांनी विचारलं, "जावयानं तोफा वाढवल्या का? मी सांगितलं होतं."

ती म्हणाली, "आबा, मी आले."

"व्हय, ये. पर वाढवल्या का?"

*

आमच्या रज्जाकचाचांकडं बटनांचा जुना फोन होता. त्यात तो सापाचा गेम. दाणा खाल्ला की साप लांब होतो, तो. चाचांनी कधीकाळी त्यात मोठा स्कोअर केलेला आणि नंतर तो त्यांनाही पुन्हा जमलेला नाही. फोन मरायला टेकला तेव्हा पोरांनी नवा घेऊन दिला. चाचा दोन्ही घेऊन गजूकडं आले.

"बेटा, बाकी कुछ नको. सिर्फ तो स्कोअर इसमें डाल दे."

गजूनं सांगितलं की त्या फोनमधून काहीही बाहेर निघत नाही. चाचा नुसतं त्या फोनकडं बघत बसले. त्यांची तकलीफ गजूला बघवेना. त्यानं जुन्या फोनवर स्कोअर लावला, नव्या फोननं त्याचा फोटो काढला आणि तो नव्या फोनच्या पडद्यावर कायमचा लावून दिला.

"आला का न्हाई चाचा?"

चाचांनी डोळे बारीक करून एकेक आकडा तपासला. "बराबर," म्हणाले.

तेव्हापासून शिलाईच्या मापाला आलेल्या प्रत्येकाला आधी तो स्कोअर बघावा लागतो, मग छातीचं माप.

*

आता शोभा-कविताचं सांगतो, तिथंच माझा जीव अडकलेला आहे.

पावसाळ्याच्या शेवटी शोभा एकटीच दुकानात आली. चार्जर बघते म्हणाली, पण तिचं लक्ष चार्जरकडं नव्हतं. मग फोन माझ्यापुढं धरला. कुंपणाच्या अलीकडं तिची बाजू हिरवीगार. पलीकडं कविताच्या बाजूचा गहू पिकून तसाच उभा, गाई दुधासाठी हंबरताहेत, कोंबड्यांचा चारा संपलेला.

"दोनतीन दिवस झाले, ती शेतात आली न्हाई," शोभा म्हणाली. "अशी ती कधी करत न्हाई."

"मग घरी विचारायचं. शेजारी तर आहात."

"भिंत हाय ना दादा मधी. अन आमच्या ह्यांनी शपथ घातली, तिच्या उंबऱ्याला जायचं न्हाई. भिंतीतून खोकला तेवढा ऐकू येते."

मी दत्ताला फोन लावला, स्क्रीनगार्डचं निमित्त करून. तो म्हणाला, कविताला ताप आहे, सलाईन लावून घरी आणलंय, उठून बसवत नाही. शोभानं सगळं ऐकलं. चार्जर तिथंच ठेवून ती गेली.

बाजार उलटून गेल्यावर कविता आली. गालफडं बसलेली, पण स्वतःच्या पायानं. फोन चार्ज होत नाही म्हणाली. गजू बघत होता तेव्हा आपणच सांगायला लागली.

"ताप उतरेना तवा एकदा गेम उघडला मी. म्हटलं, सगळं वाळलं असंल. तं त्यानं मला बाहेर फेकलं. हे शेत दुसऱ्या फोनवर चालू हाय, असं आलं. सांजच्याला उघडलं, तरी तेच. दुसऱ्या दिवशी बी तेच."

"मग?"

"मंग काय, फोन उशाला ठेवला अन झोपले. लई दिवसांनी झोप लागली."

गजूनं फोन तिच्या हातात दिला. तिनं शेत उघडून आम्हाला दाखवलं. तिच्या बाजूचा गहू कापून कोठारात गेलेला. नवी पेरणी झालेली. गाईंची धार काढलेली. आणि कुंपणाची एक फळी गेलेली. विहिरीजवळची. एक माणूस वाकून जाईल एवढी वाट.

कवितानं फोन पदराखाली घेतला आणि निघाली.

पुढच्या बाजाराला माधव आणि दत्ता दोघंही दुकानात होते. एकाला रिचार्ज मारायचं होतं, दुसऱ्याला इअरफोन पाहिजे होते. एकमेकांना बघून बाहेर जावं तर लाज वाटते, म्हणून बाकड्याच्या दोन टोकांना बसले. गजूला कुणी न सांगताच तो मध्ये जाऊन बसला. रज्जाकचाचांचं मशीन थांबलं.

माधव म्हणाला, "त्याला इचारा, ते गेममधलं कुंपण कोनी उघडलं?"

गजू दत्ताकडं वळला. दत्ता म्हणाला, "त्याला म्हनावं, आमच्या बाजूनं न्हाई उघडलं."

गजू माधवकडं वळला. माधव म्हणाला, "आमच्या बी बाजूनं न्हाई."

बाहेर हिंगोलीची बस लागली, भरली आणि गेली. माधव आपल्या चपलेकडं बघत होता.

"मंग राहू दे तसंच," तो म्हणाला.

सवयीनं गजू निरोप द्यायला दत्ताकडं वळला, तोंडही उघडलं. पण त्याच्या आधीच दत्ता म्हणाला, "व्हय दादा."